पाटावर बसलेली मंजिरी

आमच्या कर्जतजवळच्या भिसेगावच्या घरात दिवसा कुणी मोठ्यानं बोलत नसे. अण्णा, म्हणजे माझे वडील, खोपोलीच्या एका कारखान्यात पाळीवर जायचे आणि महिन्यातले निम्मे दिवस सकाळी घरी येऊन झोपायचे. घर दोन खोल्यांचं, मध्ये दाराऐवजी फुलाफुलांचा पडदा. त्या पडद्यापलीकडे अण्णा झोपले की अलीकडे आईचा आणि माझा मुका संसार सुरू व्हायचा. पातेल्यावर पळी आपटली तर आई स्वतःचीच जीभ चावायची. कुकरच्या शिट्या नकोत म्हणून ती डाळ-तांदूळ धुऊन, कुकर भरून शेजारच्या काकूंकडे नेऊन ठेवायची आणि शिजला की पदरात धरून परत आणायची. वालाचं बिरडं मात्र पातेल्यातच, मंद आचेवर. भाकरी थापण्याचा आवाज अण्णांना चालायचा. तो बंद पडला की उलट त्यांना जाग यायची, असं आई म्हणायची.

अशा घरात मी गाणं शिकले, तेही कानांत इअरफोनची बोंडं घालून. कडावच्या बाजूच्या, लग्नांत वाजवणाऱ्या एका बेंजो पार्टीनं नवा कीबोर्ड घेतला तेव्हा त्यांचा जुना माझ्याकडे आला. वायर लावून ऐकलं की माझ्या कानांत अख्खी दुनिया वाजायची, पण बाहेर ऐकू यायची ती फक्त पट्ट्यांची खटखट. आई म्हणायची, "आमची पोर टायपिंगच्या परीक्षेला बसलीय." त्या कीबोर्डच्या वरच्या दोन पट्ट्या मेलेल्या होत्या. माझ्या त्या वेळच्या कुठल्याच गाण्यात ते दोन सूर नाहीत, आणि पुढे एका शहाण्यानं त्याला माझी शैली ठरवली.

संगीत होतं सिंथपॉप. यंत्रातून काढलेले सूर, यंत्राचाच ठेका आणि वर माणसाचा थोडा थंड, थोडा दुखरा आवाज. हे कर्जतमध्ये कुणाला समजावून सांगण्याच्या फंदात मी पडले नाही. संध्याकाळी मुलांच्या शिकवण्या घ्यायचे, दिवसा जुन्या कॉम्प्युटरवर गाणी रचायचे. स्वतःचा आवाज भरायचा तर डोक्यावरून गोधडी घेऊन, माइक तोंडाशी धरून, जवळजवळ कुजबुजत. माझ्या गाण्याला 'जवळिकीचं' म्हणणाऱ्यांना हे ठाऊक नव्हतं, की ती जवळीक म्हणजे पडद्यामागे झोपलेल्या बापाची भीती होती.

मी मूळचीच घाबरट. दार लावलं का, गॅस बंद केला का, आपण म्हटलेलं कुणाला लागलं का, हे घोळवत मी अर्धं आयुष्य काढलंय. आज चाळिशीचा चष्मा नाकावर आला तरी त्यात फरक नाही. पण त्या वर्षी माझ्या भीतीला पहिल्यांदाच खरं कारण मिळालं, आणि ते मी स्वतःच्या हातानं केलं होतं.

माझा पहिला छोटा रेकॉर्ड चार गाण्यांचा. नाव 'दिवसाची झोप'. पहिली तीन गाणी झाली. चौथं, 'मांडव', काही केल्या होईना. ठेका छान, सूर छान, पण मधोमध एक खड्डा. माझा कुजबुजता आवाज त्यात टाकला की बुडून जायचा. तिथं कुणीतरी उघड्या गळ्यानं गायला हवं होतं, आणि तसं गाणारं माझ्या माहितीत एकच माणूस होतं.

हिराआत्या अण्णांची थोरली बहीण. कडावला राहायची आणि आसपासच्या गावांत धवलारीण म्हणून तिला मान होता. लग्नात भटजी येतो तो नंतर. आधी पाट मांडण्यापासून तेल, हळद, आंघोळ, प्रत्येक विधी धवलारणीच्या गाण्यावर चालतो. ती पुढचं कडवं घेते तेव्हा बायकांचे हात पुढच्या कामाला लागतात. गाण्यात नवरीचं नाव घालायचं, तिला पाटावर बसवायचं, सगळं यथासांग करून पाटावरून उठवायचं. आत्यानं शेकडो पोरी अशा उठवल्या होत्या आणि त्या सगळ्या तिला लेकींसारख्या आठवायच्या. बाजारात कुणी भेटलं की पहिला प्रश्न, "आमची संगी नांदते ना गं नीट?"

तिचा एक नेम होता. मांडव नसताना धवला, म्हणजे हे लग्नाचं गाणं, तोंडातून काढायचा नाही. मी एकदा म्हटलं होतं, "आत्या, सहज म्हण ना दोन ओळी." ती भाकरी थापता थापता हसली. "सहज कसं म्हणू गं? हळद कुणाला लावू, तुला? तू तर उभी ऱ्हात नायस लग्नाला."

तेव्हा मी खोटं बोलले. आधी ठरवून, आरशासमोर सराव करून. मैत्रिणीच्या बहिणीचं लग्न आहे बडोद्याला, तिथं धवलारीण मिळत नाही, उद्याच हळद आहे, तुझा आवाज भरून पाठवते, ते मांडवात लावतील. आत्यानं हातावरचं पीठ झटकलं. तिच्या चेहऱ्यावर काळजी उमटली, आणि ती त्या न असलेल्या पोरीबद्दल होती.

"आगं बया. एवढ्या लांब, नि गाणारं कोन नाय? नाव काय पोरीचं?"

नावाचा विचार मी केलाच नव्हता. अंगणात समोर तुळस होती, मंजिऱ्यांनी भरलेली. मी म्हटलं, "मंजिरी."

आत्यानं हातपाय धुतले, डोक्यावरून पदर घेतला, एक पाट पूर्वेकडे तोंड करून मांडला आणि त्यावर चिमूटभर तांदूळ ठेवले. मग त्या रिकाम्या पाटाकडे बघून ती गायली. "मंजिरी बाय माझी पाटावं बसली, पाटावं बसली." पाटावर खरंच कुणी मान खाली घालून बसलंय, तिला धीर द्यायला हवा, असा तो आवाज. 'मंजिरी' म्हणताना मधलं अक्षर ती असं लांबवायची की मी माइक तिच्या आणखी जवळ नेला. पहिलं कडवं संपलं आणि ती तेलाच्या कडव्याकडे वळली तशी मी तिला थांबवलं. मला तेवढंच हवं होतं. शिवाय खोटं जितकं लांबेल तितकं निस्तरणं कठीण, असा माझा हिशेब.

"पुरे आत्या. पुढचं तिथली एक म्हातारी म्हणणार आहे."

आत्या थांबली, पण तिला ते रुचलं नाही. "बसवलेलीला उठवायला पायजे गं. नायतर पोर तशीच ऱ्हाते."

"ती उठवेल."

आठवड्यानं मी कर्जतच्या बाजारातून मोरपंखी चोळखण आणि नारळ घेतला आणि नवरीकडच्यांनी मान पाठवलाय म्हणून तिला नेऊन दिला. तिनं खण डोळ्यांना लावला. परतताना टमटममधून मी तिच्या अंगणाकडे वळून बघितलं नाही. तरी घरी येऊन मी त्या चार ओळी कॉम्प्युटरवर घेतल्या, आवाज जरा जाड केला आणि त्याच त्याच पुन्हा येतील अशा गोल फिरत ठेवल्या. खड्डा भरला. गाणं उभं राहिलं. अपराधी वाटत असताना माणसाला इतका आनंद होऊ शकतो, हे मला त्या दिवशी कळलं.

रेकॉर्ड मी इंटरनेटवर चढवला तेव्हा गाणाऱ्यांच्या यादीत आत्याचं नाव घातलं नाही. नाव घातलं तर विचारायला हवं, विचारलं तर सांगायला हवं. पहिले दहा दिवस तो ऐकला अकरा जणांनी, त्यातले चारेक जण म्हणजे मीच. मग मुंबईतल्या कुणीतरी त्याच्या ब्लॉगवर त्याबद्दल लिहिलं. मी सायबर कॅफेतून ते छापून आणलं आणि रस्त्यातच उभी राहून तीनदा वाचलं. लिहिलं होतं की चौथ्या गाण्यातला अनाम ग्रामीण आवाज अंगावर काटा आणतो, मुख्य गायिका मात्र अजून चाचपडते आहे.

घरी अण्णा उठून चहा घेत होते. त्यांनी कागद मागितला, चष्मा लावला, वाचला. मग म्हणाले, "लाव बघू ते चौथं." मी कानातली बोंडं काढून त्यांच्या हातात दिली. ती त्यांनी कशीबशी कानांत घातली आणि पहिल्याच शब्दाला माझ्याकडे बघितलं. आवाज जाड केला होता, पण बहिणीचा होता.

"अनाम म्हंजे? नाव नाय हिला?"

मी कागदाची घडी घालायला लागले.

"हिराला ठाव हाय?"

"नाही."

त्यांनी बोंडं काढून कपाशेजारी ठेवली. अण्णा चिडले की आवाज खाली जायचा, वर नाही. "मग सांग तिला. दुसऱ्या कुणाकडनं तिच्या कानावर जायच्या आधी सांग."

मी सांगायला गेले. एकदा नाही, दोनदा. पहिल्या वेळी आत्यानं तांदळाची भाकरी आणि सुकटीची चटणी पुढ्यात ठेवली आणि मी काही बोलायच्या आत विचारलं, "मंजिरी कशी हाय गं? सासू बरी हाय ना?" मी म्हटलं, बरी आहे. दुसऱ्या वेळी तिनं तो मोरपंखी खण शिवून घेतलेला दाखवला. "बघ, कशी झकास बसलीय चोळी. पोरीचा हात सढळ हाय." त्यावर मी काय सांगणार होते? दोन भाकऱ्या खाल्ल्या, कारण न खाण्याचं कारण सांगावं लागलं असतं.

एवढ्यावर थांबले असते तरी निभावलं असतं कदाचित. पण अकरा माणसांनी माझं पोट भरेना. स्टेशनाजवळ दीपकदादाचं मोबाइलचं दुकान होतं. लोक तिथं मेमरी कार्ड भरून घ्यायचे, शंभर-दोनशे गाणी एकदम. मी त्याला चारही गाणी दिली. त्यानं खुर्चीत रेलून ऐकली आणि म्हणाला, "ही तीन झोप आणतात गं. पन ही चौथी चालनार." चालली. त्यानं त्या फाइलला नाव दिलं 'नवीन हळदी साँग मंजिरी'. रेकॉर्डचं नाव गेलं, माझंही गेलं. महिनाभरात ते शेलूच्या नव्या इमारतींपासून खालापूरच्या पलीकडच्या गावांपर्यंत पोचलं. टेंपोत, हळदीत, रिक्षावाल्यांच्या फोनवर वाजायला लागलं. ज्या गोष्टीसाठी गाणारे आयुष्यभर तळमळतात ती मला मिळाली होती, आणि दूरवर तो ठेका ऐकू आला की मी रस्ता बदलत होते. आत्याकडे साधा बटणांचा फोन होता, त्यावर गाणी येत नव्हती. तेवढ्या एका आधारावर मी दिवस ढकलत होते. दीपकदादाला म्हटलं, ते काढून टाक. तो हसला. "आता ते माझ्या हातात कुठं ऱ्हायलं?"

मग कडावातल्या सुप्रियाचं लग्न निघालं. मुलगा खालापूरकडचा. सुप्रियाचं घर आत्याच्या घराला लागून, त्यामुळे आम्हा सगळ्यांना बोलावणं. सकाळची हळद. मांडवात आंब्याच्या डहाळ्या, चुलीवर मोठ्या टोपात वाटाण्याची उसळ, आणि एका कोपऱ्यात माणसाच्या उंचीचे दोन स्पीकर. ते बघितल्याबरोबर मी आत्याला शोधायला लागले. आता सांगायचंच, आत्ता, या क्षणी. आत्या पाटाशेजारी बसली होती, अंगात मोरपंखी चोळी. मी बायकांमधून वाट काढत तिच्यापर्यंत पोचते तोच सुप्रियाचा भाऊ आत्याला म्हणाला, "आत्या, तुमी आरामात बसा. दम लागतो तुमाला. आपल्याकडं रेकॉर्डिंग हाय."

त्याच्या मनात काही वाईट नव्हतं. उलट म्हाताऱ्या माणसाची काळजीच होती.

माझा ठेका सुरू झाला. मी बोंडांतून ऐकलेला, कधीच एवढ्या मोठ्यानं न ऐकलेला. आणि त्यावर आत्या. "मंजिरी बाय माझी पाटावं बसली." आत्यानं मान वर केली. आधी स्पीकरकडे बघितलं, मग पाटावर बसलेल्या सुप्रियाकडे, मग सगळ्या बायकांवरून नजर फिरवत माझ्यावर. तिथं ती थांबली.

बायकांनी गाण्याप्रमाणे सुप्रियाच्या डोक्यावर तांदूळ टाकले आणि तेलाची वाटी उचलून पुढच्या कडव्याची वाट बघत राहिल्या. कडवं आलं नाही. मंजिरी पुन्हा पाटावर बसली. बायकांनी गोंधळून पुन्हा तांदूळ टाकले. ती पुन्हा बसली. सुप्रियाची आई हसत म्हणाली, "आगं, मंजिरी कोन? नि किती येळा बसतेय ती?" दोघीचौघी हसल्या. पण वाट्या धरलेले हात तसेच अडकून राहिले, सुप्रिया तांदळांनी पांढरी झाली आणि बघता बघता हसू ओसरलं. कुणाला कळेना काय करायचं. सगळ्यांनी सवयीनं आत्याकडे बघितलं.

आत्या उठली. गुडघ्यावर हात टेकून, सावकाश. स्पीकर बंद करा असं ती म्हणाली नाही. तिनं सुप्रियाचं नाव घेतलं आणि तेलाचं कडवं सुरू केलं, यंत्राच्या वर, उघड्या गळ्यानं. काही क्षण मांडवात आत्याचे दोन आवाज होते, एक पुढे निघालेला आणि एक जागीच घुटमळणारा. मग भावानंच धावत जाऊन आवाज बंद केला. आत्याला दम लागत होता. तरी तिनं सुप्रियाला पाटावरून उठवेपर्यंत एक ओळ सोडली नाही.

सगळं आटोपल्यावर ती मांडवाच्या मागे, पाण्याच्या पिंपाशी माझ्यासमोर उभी राहिली.

"बडोद्याला लगीन नव्हतंच ना?"

"नाही."

"पोरगीच नाय?"

"नाही, आत्या."

मला वाटलं ती ओरडेल, हात उगारेल. मी तयार होते. तिनं फक्त विचारलं, "मग मी बसवली कुणाला गं?" आणि उत्तराची वाट न बघता आत गेली. चार दिवसांनी अण्णा कडावहून आले ते वर्तमानपत्रात गुंडाळलेली मोरपंखी चोळी घेऊन. "हिरानं दिलीय," म्हणाले. "बोलली काय नाय."

पुढचे दीड महिने मी कीबोर्डला हात लावला नाही. लोक दीपकदादाकडे दुसरं हळदी साँग मागत होते, त्या ब्लॉगवाल्यानं पुढचा रेकॉर्ड कधी म्हणून विचारलं होतं. मी शिकवण्या घेत होते आणि चोळी कपाटात माझ्या कपड्यांच्या खाली ठेवून त्या कपाटाकडे बघायचं टाळत होते. आई दोनदा कडावला जाऊन आली. आत्यानं तिला जेवायला वाढलं, सगळ्यांची विचारपूस केली, माझी केली नाही. मला रडूही येत नव्हतं.

एका मंगळवारी भर दुपारी आत्या दारात उभी. उन्हानं चेहरा लाल. अण्णा पडद्यामागे झोपलेले. आई घाईघाईनं तोंडावर बोट ठेवत पुढे झाली, तिला आत्यानं हातानंच बाजूला केलं.

"पाट आन. नि जरा हळद."

आईनं पाट आणला, मसाल्याच्या डब्यातून वाटीत हळद काढली. आत्यानं खोलीच्या मध्यभागी, पूर्वेकडे तोंड करून पाट मांडला. मग माझ्या कॉम्प्युटरकडे बघितलं. "ते बंद कर." मी बटण बंद केलं, वायरही काढली. माइक कपाटात ठेवला.

मग आत्यानं तेलाच्या कडव्यापासून पुढे सुरुवात केली. पाटावं बसलीचं कडवं तिनं घेतलं नाही. ते झालंच होतं, हजारदा झालं होतं. आमच्या त्या कुजबुजत्या घरात तिचा आवाज भिंतींत मावेना. आई घाबरून पडद्याकडे बघत होती. पडदा हलला आणि अण्णा दिसले, बनियनवर, डोळे सुजलेले. पडदा मुठीत धरून उभे राहिले. तेल झालं, हळद झाली. आत्यानं वाटीतली हळद रिकाम्या पाटाला लावली आणि मला खुणावलं, मग मीही लावली. आंघोळीचं कडवं झालं. दम लागला की ती थांबायची, श्वास घ्यायची आणि सोडलेल्या शब्दावरूनच धरायची. आणि शेवटी, "मंजिरी बाय माझी पाटावून उठली, पाटावून उठली." तेव्हा कुठे मला रडू फुटलं. नवरीकडची बाई रडते तसं, हमसून हमसून. आत्यानं मला रडू दिलं.

ते कडवं कुठंच भरलेलं नाही. आज त्या रेकॉर्डवर आत्याचं पूर्ण नाव आहे, माझ्या नावाच्या वर. ते तिला विचारून घातलं. आत्या जाऊनही आता बरीच वर्षं झाली. अजून कुठल्या कुठल्या हळदीत ते गाणं लागतं आणि मंजिरी पुन्हा पाटावर बसते. पुढे मी बरीच गाणी केली, काही चालली, बहुतेक नाही. पण कुणाचाही आवाज घेताना मी आधी विचारते, हे कशासाठी आहे ते सांगते आणि सांगताना अजूनही माझे तळहात ओले होतात.

त्या दुपारी आत्यानं पाट उचलून भिंतीशी टेकवला आणि पदरानं तोंड पुसलं. "आता दे माझी चोळी," म्हणाली. मी कपाट उघडलं, वर्तमानपत्रातली घडी काढून तिच्या हातात दिली. तिनं ती पिशवीत घातली, चहा घेतला, अण्णांना, "झोप आता तू," म्हणाली आणि निघाली. दारात चपला घालताना माझ्याकडे न बघता तिनं विचारलं, "दिली कुठं मंजिरीला?"

मी डोळे पुसले. "खालापुरात."

"मग जवळच हाय," आत्या म्हणाली. "येत जाईल."